विशेष आभार : समस्त ग्रामस्थ

सत्याच्या शोधात मालवणात येणारी माणसं बहुतेक करून नोव्हेंबरात येतात. पावसाळ्यात सत्य चिखलात लोळत असतं, मे महिन्यात त्याला घाम फुटतो आणि दिवाळीच्या सुट्टीत होमस्टेचे दर त्याला परवडत नाहीत. दर उतरले, आकाश निळं झालं, की अंधेरी, बांद्रा, थेट दिल्लीहून वास्तवाचा ध्यास घेतलेली मंडळी कुडाळ स्टेशनावर अवतरतात. काळ्या पेट्या, सतराशे साठ खिशांची जाकिटं, चेहऱ्यावर समाधिपूर्व गांभीर्य. "आम्हाला टुरिस्टी काही नको, अस्सल हवंय," हे पहिलं वाक्य. "रूममध्ये एसी आहे ना?" हे दुसरं.

त्यांना उतरवून घ्यायला मी उभी असते. हा माझा धंदा आहे आणि तो मला आवडतो. तेव्हा पुढचं वाचून 'बाईला दिग्दर्शक होता आलं नाही म्हणून जळते' असा सोयीचा निष्कर्ष काढू नका. माझ्या कार्डावर 'लाइन प्रोड्यूसर' असं छापलेलं आहे. पडद्यावर माझे अवतार निराळे. कधी मी 'लोकल सपोर्ट' असते, कधी 'कोऑर्डिनेशन', एकदा नुसतीच 'टीम मालवण' झाले. त्या टीममध्ये मी होते आणि गाडी चालवणारा माझा चुलतभाऊ होता. एरवी मी त्या शेवटच्या काळ्या पाटीत विरघळलेली असते. ती पाटी तुम्ही कधी वाचली नसेल, कारण तोवर सभागृहातले दिवे लागलेले असतात आणि पुढच्या रांगेतले दिग्दर्शकाला मिठ्या मारत असतात. 'विशेष आभार : समस्त ग्रामस्थ.'

ही बाई करते तरी काय, असं विचाराल. कोणाच्या माळ्यावर अजून जुनी जाळी आहेत, कोणत्या आजीला बोलतं करायचं तर आधी तिच्या सुनेशी बोलावं लागतं, कोणत्या वाडीत कोणत्या वाडीचं नाव काढायचं नाही, देवबागच्या चिंचोळ्या पट्टीत मोठी गाडी कुठवर जाते, भरती किती वाजता, आणि शाकाहारी दिग्दर्शकाला मालवणात जेवायला काय घालायचं, हे सगळं मला ठाऊक असतं. सरकारी कागद वेगळेच. सिंधुदुर्ग किल्ला भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाकडे. किल्ल्याभोवतीचं पाणी १९८७ पासून सागरी अभयारण्य, २९.१२ चौरस किलोमीटर, म्हणजे वनखातं. होडी आली की मेरीटाइम बोर्ड. ड्रोन उडवायचा तर २०२१ चे ड्रोन नियम आणि त्यांचे हिरवे-पिवळे-लाल नकाशे. शिवाय पोलीस, शिवाय ग्रामपंचायत. एका चौकटीत किल्ला, पाणी, होडी आणि आकाश असं चारही मावलं की माझा आठवडा गेला म्हणून समजा. पुढे दिग्दर्शक मुलाखतीत सांगतो, "तो शॉट आम्हाला समुद्रानेच दिला." समुद्राने दिला! समुद्राच्या सहीशिक्क्याचा कागद मला एकदा बघायचाय.

परदेशातल्या महोत्सवात, समजा आम्स्टरडॅमच्या इडफात, चित्रपट संपला की कोणीतरी हमखास विचारतं, "या लोकांच्या इतक्या जवळ तुम्ही पोचलात कसे?" दिग्दर्शक दोन क्षण डोळे मिटतो. "आम्ही त्यांचा विश्वास कमावला." आम्ही म्हणजे कोण रे बाबा? ज्या आजीच्या चुलीपर्यंत तुझा कॅमेरा गेला, ती माझ्या आईच्या मावसबहिणीची सासू. तिने मला विचारलं होतं, "हे तुझे कोण गो?" मी म्हटलं, माझ्या कामातले लोक. "मगे येवंदेत. पण चपलां भायर काढूक सांग." विश्वासार्जनाचा समग्र इतिहास एवढाच. उरलेलं काम तीन पिढ्यांच्या बारशा-बाराव्यांना हजर राहून आमच्या घराने आधीच उरकलेलं होतं. चपला मात्र दिग्दर्शकाने स्वतः काढल्या, हे श्रेय त्याला दिलंच पाहिजे.

आता रापण. रापणीवाचून मालवणचा माहितीपट करू नये असा वटहुकूम असावा. होडी अर्धगोलात जाळं टाकत जाते, दोन्ही टोकांचे दोर किनाऱ्यावर येतात आणि मग वाडीभरची माणसं ते तासन् तास ओढतात. देखणं दृश्य, वाद नाही. अडचण एवढीच की मासळी कॉलशीट वाचत नाही. एका मंडळींना रापण संध्याकाळच्या सोनेरी उजेडात हवी होती. "सहा वाजून दहा मिनिटांनी ओढतील का?" मी रापणकारांच्या म्होरक्याला विचारलं. त्याने आधी वाऱ्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. "आज रापण खंयची? वारो बघ. मासो तुझ्या सायबाचो नोकर हा काय?"

तेव्हा रिकामं जाळं ओढायचं ठरलं. माणसं जमवली, मजुरी ठरवली. इतक्यात दिग्दर्शकाच्या दिव्यदृष्टीला दिसलं की ओढणाऱ्यांच्या अंगात फुटबॉल क्लबांचे टी-शर्ट आहेत. एकाच्या पाठीवर तर चक्क मेस्सी. अस्सलपणाच्या काळजात कळ उठली. "हे लोक पारंपरिक काही घालत नाहीत का?" मेस्सी घातलेले आजोबा शांतपणे म्हणाले, "ह्यो माझ्या झिलान दुबयसून धाडल्यान हा. ह्यो काढूचो कित्याक?"

मला सांगा, या किनाऱ्याचं गेल्या दोन पिढ्यांचं अर्थशास्त्र त्या एका वाक्यात होतं की नाही? किनाऱ्याला लागणारी मासळी का घटली, ट्रॉलर आणि पर्ससीनवाल्यांनी काय केलं, रापणकाराचा मुलगा दोर सोडून आखातात का गेला, आणि तिथून त्याने बापाला काय पाठवलं. सगळा चित्रपट आजोबांच्या पाठीवर छापून तयार होता. कॅमेरा त्या वेळी बंद होता. आजोबांनी शर्ट काढल्यावर तो सुरू झाला. तयार चित्रपटात त्या दृश्यावर एक खर्जातला आवाज सांगतो की इथे काळ थांबला आहे. थांबला नव्हता हो. तुम्ही त्याला शर्ट काढून बाजूला उभा केला होतात.

पर्ससीन जाळ्यांवर राज्य सरकारने फेब्रुवारी २०१६ मध्ये निर्बंध आणले, एलईडी दिव्यांवर मासे गोळा करणाऱ्या मासेमारीला २०१७ मध्ये केंद्राने बंदी केली, आणि तरी पारंपरिक मच्छीमारांना पुन्हा पुन्हा रस्त्यावर उतरावं लागतं. हा विषय मी किमान अर्ध्या टीमांना सुचवून बघितलाय. "इंटरेस्टिंग," असं म्हणतात आणि सूर्यास्ताची वेळ विचारतात. त्या विषयाला रात्री समुद्रात जावं लागतं, कागद वाचावे लागतात, माणसं तोंडावर दार लावतात. सूर्यास्त कोणाच्या तोंडावर दार लावत नाही.

हा खेळ आजचा नव्हे, याला गुरुपरंपरा आहे. या जातीचे मूळपुरुष रॉबर्ट फ्लाहर्टी. १९२२ सालचा त्यांचा 'नानूक ऑफ द नॉर्थ' हा माहितीपटाचा आद्यग्रंथ मानतात. जगाने ज्याला नानूक म्हणून डोक्यावर घेतलं, त्याचं नाव अल्लाकारियाल्लाक. बंदूक वापरणाऱ्या त्या माणसाला भाला घेऊन शिकारीला धाडलं. इग्लूत उजेड पुरेना, तर अर्धंच इग्लू बांधून त्यात कुटुंबाला झोपायला लावलं, कुडकुडत. पैसा फरचा व्यापार करणाऱ्या रेव्हियाँ फ्रेर कंपनीचा; आज आपण त्याला सीएसआर म्हटलं असतं आणि शेवटी लोगो दाखवला असता. पुढे १९३४ च्या 'मॅन ऑफ अरान'मध्ये तर कळसच झाला. आयर्लंडजवळच्या त्या बेटांवरच्या लोकांनी अजस्र शार्कची शिकार कित्येक दशकांपूर्वी सोडून दिली होती. साहेबांनी ती त्यांना नव्याने शिकवली आणि मग 'यांचं सनातन जीवन' म्हणून टिपली! पडद्यावरचं कुटुंबसुद्धा जुळवाजुळव करून उभं केलेलं. आमच्या आजोबांचा मेस्सी उतरवणाऱ्याने उगाच स्वतःला आद्य समजू नये.

पण मला त्या नानूकच्या गोष्टीतला वेगळाच भाग खुपतो. तिथे फिल्म धुवायला पाणी लागायचं. जाड बर्फाला भोक पाडून ते पाणी काढणारी, पिंपांत भरून झोपडीपर्यंत ओढत आणणारी, त्यात पडलेले फरचे केस गाळून काढणारी माणसं इनुइटच होती. म्हणजे ज्यांना यंत्रयुगाचा वारा न लागलेले आदिम म्हणून जगाला दाखवलं, तेच पडद्यामागे प्रयोगशाळा चालवत होते! फ्लाहर्टींचं नाव आज सिनेमाच्या प्रत्येक विद्यार्थ्याला पाठ असतं. त्या पाणक्यांपैकी एकाचं सांगा.

आणि फार लांब कशाला जायचं? आपल्या दादासाहेब फाळक्यांच्या घरात बघा. कच्च्या फिल्मला काळोखात बसून भोकं पाडायची, फिल्म धुवायला मदत करायची, ऊन परतवायला पांढरी चादर धरून उभं राहायचं, पोरं सांभाळायची आणि सगळ्या युनिटचा स्वयंपाक करायचा, हे सरस्वतीबाई फाळके करत होत्या. दागिनेही त्यांचेच गेले. आजच्या हिशेबाने एक लॅब, एक लाइटिंग विभाग, एक कॅटरर आणि एक फायनान्सर अशी चार बिलं झाली. एकही कोणी फाडलं नाही. दादासाहेबांच्या नावाचा राष्ट्रीय पुरस्कार १९६९ पासून दरसाल गाजतो. बाईंच्या नावाने दिल्लीत काय दिलं जातं, ऐकलंय कधी? तरी फाळक्यांबद्दल एक गोष्ट मला भारी वाटते. १९१७ साली त्यांनी 'चित्रपट कसे तयार करतात' नावाचा लघुपटच काढला. पडद्यामागचं दाखवायला आमचा आद्यपुरुष लाजत नव्हता. त्यानंतरच्या शंभर वर्षांत लाज कुठून आली?

लाजेवरून पिंगुळी आठवली. रापण झाली की वास्तववाद्यांचा पुढचा मुक्काम तिथे. ठाकर समाजाची चित्रकथी, कळसूत्री बाहुल्या, चामड्याच्या बाहुल्यांचा छायाखेळ. मणी कौल यांनी १९७७ साली 'चित्रकथी' नावाचा माहितीपट केला. २०२१ मध्ये परशुराम गंगावणे यांना पद्मश्री मिळाली. घरच्या आवारातच त्यांनी संग्रहालय उभारलंय. तरीही येणारी प्रत्येक टीम कॅमेऱ्याची पेटी उघडण्याआधी घोषित करते, "ही मरू घातलेली कला आहे." माझ्या लहानपणापासून ती मरू घातलेली आहे. दरम्यान काय काय मेलं बघा. सोळा मिलिमीटरची रिळं गेली. बीटा गेली. मिनी-डीव्ही गेली. १९४८ साली जन्मलेलं, चित्रपटगृहांत सक्तीने माहितीपट दाखवणारं, पेडर रोडवरचं फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये एनएफडीसीत विलीन होऊन गेलं. चित्रकथीला श्रद्धांजली वाहायला आलेले एकेक करून निवर्तले आणि पिंगुळीत पोथी उघडून चित्रं लावणं चालूच. पण हे निधीच्या अर्जात लिहिता येत नाही ना! 'बऱ्यापैकी चाललेली कला' या विषयाला कोण दमडी देणार? म्हणून आधी अर्जात कलेला मारायचं, मग अनुदान घेऊन तिच्या उशाशी बसायचं.

दशावताराच्या बाबतीत यांचा एक शॉट ठरलेला. लोंबता दिवा, हातातला आरसा, आणि गालाला रंग लावत हळूहळू बाई होत जाणारा पुरुष-नट. प्रत्येक दिग्दर्शकाला वाटतं की हा शॉट जगात पहिल्यांदा त्यालाच सुचला. मी आता तो आरसा कुठल्या कोनात धरायचा तेही सांगू शकते. यातली गंमत लक्षात आली? दशावताराच्या पडद्यामागे घुसायचा ज्यांना एवढा सोस, त्यांच्या स्वतःच्या पडद्यामागे डोकावलं की त्यांना ते 'अनप्रोफेशनल' वाटतं. दशावतारी नट आपला रंग आपण लावतो, संवाद उभ्या उभ्या रचतो, एका बाकड्याचं सिंहासन करून दाखवतो. त्याचा आणि मंडळाच्या मालकाचा पैशावरून वाद होतो तेव्हा तो सरळ पैशाचा वाद असतो. 'पॅशन'चं नाव कोणी काढत नाही.

टीममधला एकच माणूस मला खरोखर सत्यनिष्ठ वाटतो, तो ध्वनिमुद्रक. मुलाखत संपली की तो हात वर करतो आणि त्या खोलीची नुसती शांतता अर्धा मिनिट टिपून घेतो. मालवणात त्या अर्ध्या मिनिटात पाववाल्याचा भोंगा येतो, शेजारच्या टीव्हीवरची सासू किंचाळते, कोंबडा वेळ चुकतो. बिचारा सगळं इमानेइतबारे नोंदवतो. दिग्दर्शकाला ते नको असतं, त्याला 'गाज' हवी असते. ती मग अंधेरीतल्या स्टुडिओत, आवाजांच्या साठ्यातून काढून चिकटवतात. म्हणजे चेहरा आमचा आणि समुद्र कुठला कोण जाणे. रात्री बाकीचे सोलकढीच्या सौंदर्यशास्त्रावर परिसंवाद करत असताना एक बावीस वर्षांचं पोरगं दिवसभराची कार्डं दोन-तीन हार्ड डिस्कवर उतरवत बसलेलं असतं. वीज गेली की त्याचा जीव जातो, आली की परत येतो. सत्य जर कुठे मुक्कामाला असेल तर ते त्या वेळी त्या पोराच्या उशाखाली असतं. त्याचं नाव? टायटलात बघा. 'इंटर्न' लिहिलंय, एवढं नशीब.

मग येतं संमतीपत्र. इंग्रजीत, मुंगीच्या पावलांएवढ्या अक्षरात. त्याच सोनेरी उजेडवाल्यांचं ते मी मासे विकणाऱ्या एका काकींना बसून मालवणीत समजावलं, कारण 'समजावून सांगितले आहे' या चौकटीत सही माझी लागणार होती. काकी, तुमचा चेहरा, आवाज, घर आणि तुम्ही बोललात ते सगळं, कायमचं, जगभर आणि समस्त विश्वात, आज ठाऊक असलेल्या आणि पुढे निघणाऱ्या यच्चयावत माध्यमांत वापरायचा हक्क तुम्ही यांना देताय. काकींनी विचार केला. "समस्त विश्वात म्हणजे? चंद्रार पण दाखवतलास?" कागदाप्रमाणे, होय. "मगे चंद्रारचे पैशे येगळे."

मुंबईतल्या कुठल्याही वकिलाने याहून नेमका आक्षेप घेतला नसता. दिग्दर्शक टाळ्या वाजवून म्हणाला, "किती गोड आहेत ना या!" गोड! ज्या बाई भल्या सकाळी लिलावात सुरमईच्या टोपलीवरून चार व्यापाऱ्यांना गारद करून येतात, त्या गोड! चंद्राचं वाक्य चित्रपटात आलं का? छे. चित्रपटात काकी एकही शब्द न बोलता क्षितिजाकडे बघतायत. माहितीपटातल्या कोकणी बायका क्षितिजाकडे फार बघतात. खऱ्या बायकांना मासे विकून घरी जायचं असतं.

माहितीपटात पैसा नसतो, हे मला पाठ आहे. म्हणून दाखवा, हवं तर वृत्तात म्हणते. मोठ्या सिनेमासारखा पैसा नसतो हे खरंच. पण जो असतो तो कुठे सापडतो आणि कुठे सापडत नाही, यात एक गूढ नियम आहे. ड्रोनच्या भाड्याला सापडतो. मुंबईत रंग सुधारायला सापडतो. आमचा समुद्र जन्मतः निळा आहे, तरी. महोत्सवाच्या विमान-तिकिटाला सापडतो. होडीवाल्याचा दिवस भरायची वेळ आली की तोच पैसा एकाएकी 'टाइट' होतो. माझं बिल आधी 'पोस्ट संपल्यावर' असतं, मग 'दुसरा हप्ता आल्यावर', मग 'ब्रॉडकास्टर ठरल्यावर'. एका चित्रपटाचा विषय असंघटित कामगारांची थकलेली मजुरी हा होता. त्या चित्रपटाकडे माझ्या चुलतभावाची गाडी चालवल्याची मजुरी अजून थकलेली आहे. तो म्हणतो, निदान दुसऱ्या भागात मला मुलाखतीला घ्या.

आणि संशोधन! एखाद्या निवृत्त मास्तरांनी आयुष्यभर वह्यांत लिहून ठेवलेलं, मी त्यांच्या ओसरीवर बसून मिळवलेलं, झेरॉक्स काढून पाठवलेलं, पडद्यावर 'संशोधन व दिग्दर्शन' या जोडशब्दात एकाच नावाखाली अंतर्धान पावतं. मास्तरांचं नाव घाला म्हटलं तर उत्तर येतं, "टायटल्स लांबतात." पन्नास मिनिटांच्या चित्रपटात पाच मिनिटं नुसती लाट येते आणि जाते, त्याने काही लांबत नाही.

राष्ट्रीय पुरस्कारांच्या कथाबाह्य विभागात दिग्दर्शनाला पुरस्कार आहे, छायालेखनाला आहे, ध्वनीला आहे, संकलनाला आहे. असावेतच. संशोधकाला नाही, लाइन प्रोड्यूसरला नाही. मलाही तिथे जाऊन कमळ घ्यायचं नाही, माझ्याकडे ठेवायला कपाट नाही. माझी मागणी फार क्षुद्र आहे: नाव बरोबर लिहा आणि बिल भागवा.

कोणी म्हणेल, सगळ्यांना एकाच माळेत ओवू नका. नाही ओवत. सावेदादांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधली कुस्ती टिपली तेव्हा यंत्र आणणारे तेच, चालवणारे तेच. आनंद पटवर्धनांनी 'जय भीम कॉम्रेड'साठी चौदा वर्षं घातली. कॅमेरा स्वतः धरतात, संकलन स्वतः करतात. आणि २००४ मध्ये मुंबईच्या सरकारी महोत्सवाने भारतीय माहितीपटांकडे सेन्सॉरचं प्रमाणपत्र मागितलं तेव्हा याच जमातीने 'विकल्प' नावाचा समांतर महोत्सव उभा करून दाखवला. स्वतःचं ओझं स्वतः वाहणाऱ्याने नाव कितीही मोठ्या टायपात लिहावं, मी उभी राहून टाळ्या वाजवीन. माझं भांडण आहे ते पेटी दुसऱ्याच्या डोक्यावर देऊन 'मी एकट्याने वाट तुडवली' म्हणणाऱ्यांशी. त्यातही सरकारच्या दडपशाहीवर आग ओकून, त्याच रात्री असिस्टंटला 'उद्या पाचला ये, यायचं नसेल तर बाहेर रांग आहे' म्हणणाऱ्यांशी विशेष.

त्या सोनेरी उजेडवाल्यांनी रापणीतली एक गोष्ट टिपलीच नाही. रिकाम्या जाळ्यात ती सापडणारही नव्हती. जाळं किनाऱ्याला लागलं की वाळूत वाटे पडतात. जाळ्याचा वाटा, होडीचा वाटा, ओढणाऱ्यांचे वाटे. शाळेत जाता जाता दोराला हात लावलेलं पोरगंसुद्धा चार बांगडे घेऊन घरी जातं. कोणी त्याला 'विशेष आभार' देऊन वाटेला लावत नाही. त्याच रापणीवर केलेला चित्रपट मात्र जिंकून आला तेव्हा वाटे पडले नाहीत. गावाला चित्रपट तरी दाखवा म्हणून मी पाठपुरावा केला. मालवणात मामा वरेरकर नाट्यगृह आहे, लोक हौशीने आले असते, आजोबा तर मेस्सी घालून पहिल्या रांगेत बसले असते. उत्तर आलं की प्रीमियरचे हक्क अडकलेत, तूर्त 'प्रायव्हेट लिंक' पाठवतो. सात दिवसांत संपणारी लिंक, तिला पासवर्ड. चंद्रावर दाखवायचा हक्क ज्यांनी लिहून घेतला त्यांना मालवणात दाखवायचा हक्क नव्हता! काकींनी मला विचारलं, "पासवर्ड काय?" सांगितला. त्यांच्या नातवाने फोनवर लावून दिला. काकींनी स्वतःला क्षितिजाकडे बघताना बघितलं आणि म्हणाल्या, "ह्या बायेक कामधंदो नाय काय?"

हल्ली मी आधी लेखी घेते. मराठीत. दिवसाचा दर, किती दिवसांत पैसे, कोणाकोणाचं नाव कसं लिहायचं, आणि गावात एक खेळ. याने माझे काही नेहमीचे सत्यशोधक तुटले. त्यांना माझ्यात 'कडवटपणा' आल्याचं जाणवलं. परवा दिल्लीहून एका बाईंचा फोन आला. नौदलाची निवृत्त युद्धनौका 'गुलदार' आमच्या समुद्राच्या तळाशी ठेवून तिचं संग्रहालय करायचं घाटतंय. बाईंना त्यावर 'लोखंडाची स्मृती' असा काहीसा चिंतनात्मक चित्रपट करायचाय. मी अटी सांगितल्या. बाई दुखावल्या. "अहो, इतकं कागदोपत्री कशाला? आमची टीम म्हणजे एक फॅमिली आहे."

मी म्हटलं, बाई, कोकणात फॅमिली म्हणजे काय ते ठाऊक आहे का? सातबाऱ्यावर तीस-चाळीस नावं, एका फणसाला सात हिस्सेदार, आणि गिरणीत कामाला म्हणून मुंबईला जाऊन तिकडेच वारलेल्या काकाचंही नाव अजून लागलेलं. ते कोणाच्या बापाला कमी करता येत नाही, त्यासाठी आमच्याकडे कोर्टात आयुष्यं गेली. तुमची फॅमिली तशी असेल तर उद्याच कुडाळला उतरा. फक्त येताना सातबारा घेऊन या.

पलीकडे कागद चाळल्याचा आवाज आला. बाई काहीतरी टिपून घेत होत्या. मग उत्सुकतेने म्हणाल्या, "सातबारा... हे लोकेशन सुंदर वाटतंय. तिथे ड्रोनची परवानगी मिळेल?"